शब्दाला शब्द

[एखादा मजकूर नव्याने लिहायचा असला, की जुन्या वाक्यातील एकेक शब्द काढून त्या जागी समानार्थी शब्द ठेवावा, असे पुष्कळ विद्यार्थ्यांना वाटते. तसे केल्याने काय घडते, हे लेखकाने या पाठात आपल्या शाळकरी वयातील एका प्रसंगातून सांगितले आहे. उर्दू आणि मराठी या दोन्ही भाषांत आढळणाऱ्या, पण अर्थाने वेगळ्या असलेल्या काही शब्दांची ओळखही या पाठातून होते.]

मी नववीत होतो तेव्हाची ही गोष्ट. आमचे गाव यंत्रमागांचे. पहाटेपासून रात्रीपर्यंत मागांची खडखड चालू असे. आमच्या गल्लीत चाळीस घरे होती आणि त्या चाळीस घरांना मिळून एकच सार्वजनिक नळ होता. एकदा हा नळ कोरडा पडला. एक दिवस गेला, दोन दिवस गेले, आठवडा गेला. पण नळाला पाणी आले नाही. अम्मी आणि शेजारच्या बायका पहाटे उठून पुढच्या चौकातून हंडे भरून आणू लागल्या. दादीला हंडा उचलवत नसे. ती दारात बसून राही आणि येणाऱ्याजाणाऱ्याला विचारी, "पाणी आले का?"

आदल्या वर्षीही नळ असाच बंद पडला होता. तेव्हा माझ्या आपाने नगरपालिकेला मराठीतून अर्ज लिहिला होता आणि चार दिवसांत नळ सुरू झाला होता. आता आपा लग्न होऊन सासरी गेली होती. तिच्या अर्जाची नक्कल मात्र अब्बांनी जपून ठेवली होती. पंधरा दिवस झाल्यावर त्यांनी तो कागद माझ्या हाती दिला आणि म्हणाले, "बेटा, तू मराठी शिकतोस. हा अर्ज नव्याने लिही. जसाच्या तसा उतरवू नकोस. नाहीतर ते म्हणतील, जुनाच कागद पुन्हा पाठवला."

आपाचा अर्ज असा होता :

"माननीय मुख्याधिकारी साहेब, आमच्या गल्लीतील सार्वजनिक नळाला आठ दिवसांपासून पाणी येत नाही. गल्लीत चाळीस घरे आहेत. बायकांना लांबून पाणी आणावे लागते. म्हाताऱ्या माणसांचे हाल होतात. कृपा करून नळ लवकर दुरुस्त करावा, ही विनंती."

मला हा अर्ज फारच साधा वाटला. यात अवघड शब्द एकही नव्हता. मी शाळेच्या ग्रंथालयातून शब्दकोश आणला, शेजारी आपाचा अर्ज ठेवला आणि कामाला लागलो. एक शब्द खोडायचा, कोशात पाहायचे आणि त्याच्या जागी दुसरा शब्द लिहायचा. 'गल्ली' गेली आणि 'बोळ' आला. 'पाणी' गेले आणि 'जल' आले. 'येत नाही' या शब्दांपाशी मात्र मी अडलो. मग मी विचार केला : पाणी येणे म्हणजे पाणी हलणे. हलणे म्हणजे हालचाल. हालचाल म्हणजे उर्दूत हरकत. आणि 'हरकत' हा शब्द तर मराठीतही मी कितीतरी वेळा ऐकला होता! मी आनंदाने तो शब्द लिहून टाकला. रात्री दहा वाजता माझा अर्ज तयार झाला :

"माननीय प्रमुखाधिकारी स्वामी, आमच्या बोळातील सर्वलोकीय नलिकाला पंधरा दिवसांपासून जलाची हरकत नाही. बोळात चाळीस सदने आहेत. पत्नींना दीर्घावरून उदक आणावे लागते. जीर्ण मनुष्यांची दशा होते. दया करून नलिका सत्वर नीट करावा, ही याचना."

आपाच्या अर्जातले फार थोडे शब्द मी शिल्लक ठेवले होते. मला स्वतःचा अभिमान वाटला. अब्बांना मराठी वाचता येत नव्हते. त्यांनी अक्षर पाहिले, "छान," म्हणाले आणि गल्लीतील लोकांच्या सह्या घेऊन अर्ज कचेरीत देऊन आले.

दहा दिवस गेले. कोणी आले नाही. दादी रोज विचारी, "बेटा, तुझ्या अर्जाचे काय झाले?" शेवटी शेजारच्या चाचांबरोबर मीच कचेरीत गेलो. तेथील कारकुनांनी कागदांचा एक गठ्ठा उपसला, मग दुसरा उपसला. तिसऱ्या गठ्ठ्यात माझा अर्ज सापडला. त्या गठ्ठ्यावर लिहिले होते, 'नवीन जलवाहिनी : हरकती व सूचना'. माझ्या अर्जाच्या कोपऱ्यात तांबड्या शाईने शेरा होता, 'अर्जदारांची हरकत नाही. नोंद घेतली.'

मी गोंधळून गेलो. कारकून म्हणाले, "अरे बाळ, तुम्हीच लिहिले आहे ना, जलाची हरकत नाही म्हणून? नवी जलवाहिनी टाकायची आहे, त्याबद्दल आम्ही लोकांच्या हरकती मागवल्या होत्या. तुमची काही हरकत नाही असे आम्ही समजलो. बाकीचा मजकूर काही आम्हांला कळला नाही."

चाचा काहीच बोलले नाहीत. परत येताना वाटेत चौकातला नळ लागला. तिथे अम्मी हंडा घेऊन रांगेत उभी होती. मी मान खाली घातली.

दुसऱ्या दिवशी मी दोन्ही अर्ज आमच्या मराठीच्या सरांना दाखवले. सरांनी ते शांतपणे वाचले आणि मला विचारले, "हे वर्गात वाचून दाखवले तर चालेल का?" मी होकार दिला. 'पत्नींना दीर्घावरून' हे शब्द येताच वर्गात हशा पिकला. सरांनी हात वर केला.

"हसू नका," सर म्हणाले. "याने कष्ट घेतले आहेत. कोश उघडून पाहिला आहे. तुमच्यापैकी कितीजण कोश उघडतात? त्याची चूक एवढीच झाली, की त्याने शब्द बदलले. पण वाक्याकडे पाहिलेच नाही. आज आपण हा अर्जच धडा म्हणून शिकू."

सरांनी फळ्यावर दोन रकाने आखले. एका रकान्यात आपाचे शब्द लिहिले, दुसऱ्यात माझे.

"पहिला शब्द 'बायका'," सर म्हणाले. "मराठीत बायका म्हणजे स्त्रिया. बायका म्हणजे पत्नी, असाही अर्थ होतो. कोशात दोन्ही अर्थ एकाखाली एक दिलेले असतात. कोणता घ्यायचा, हे कोश सांगत नाही, वाक्य सांगते. पाणी भरायला गल्लीतल्या मुली जातात, आया जातात, आज्या जातात. त्या सगळ्या 'बायका' आहेत. पण सगळ्या 'पत्नी' नाहीत. 'लांब' या शब्दाचेही तसेच. लांब दोरी आणि लांबचे गाव यांत लांब हा एकच शब्द आहे. पण एका ठिकाणी तो लांबी सांगतो आणि दुसऱ्या ठिकाणी अंतर. 'दीर्घ' हा शब्द आपण स्वराला लावतो, आजाराला लावतो, काळाला लावतो. 'दीर्घावरून पाणी आणले' असे मराठीत कोणी म्हणत नाही."

मग सरांनी 'म्हातारा' आणि 'जीर्ण' या शब्दांखाली रेघ ओढली. "हे दोन शब्द नातेवाईक आहेत, पण एका घरात राहत नाहीत. माणूस म्हातारा होतो, वृद्ध होतो. कपडा जीर्ण होतो, पोथी जीर्ण होते, वाडा जीर्ण होतो. तुझ्या दादीला कोणी जीर्ण म्हटले तर तिला काय वाटेल?"

मी म्हणालो, "तिला राग येईल, सर."

"बरोबर. आणि 'विनंती'च्या जागी तू 'याचना' लिहिलेस. दोन्हींचा अर्थ मागणे असाच आहे. पण विनंती करणारा ताठ उभा असतो आणि याचना करणारा हात पसरतो. गल्लीला पाणी मिळणे हा तुमचा हक्क आहे. हक्काच्या गोष्टीसाठी विनंती करावी, याचना कशाला? शब्द बदलला की बोलणाऱ्याची जागाही बदलते, हे ध्यानात ठेवा."

नंतर सरांनी पाण्याचे समानार्थी शब्द विचारले. आम्ही पाठ केलेली यादी धडाधड म्हटली : जल, नीर, उदक, तोय. सर म्हणाले, "आता मला तहान लागली आहे. मी तुमच्यापैकी एकाला 'तोय आण' असे सांगितले तर?" वर्ग पुन्हा हसला. "तोय आणि नीर कवितेत शोभतात. उदक हा शब्द जुन्या ग्रंथांत आणि धार्मिक विधींत भेटतो. जल हा शब्द बहुधा जोडशब्दांत येतो : जलवाहिनी, जलसिंचन, जलप्रवास. पण प्यायचे असते ते पाणी, डोळ्यांत येते ते पाणी, आणि नळाला येते तेही पाणीच. तुम्हांला आणखी एक शब्द माहीत आहे, फारसीतला आब. उर्दूत आब म्हणजे पाणी, आणि चमक किंवा इभ्रतही. मराठीने यातला पाण्याचा अर्थ घेतला नाही. मान, प्रतिष्ठा एवढाच घेतला. आपण 'आब राखून बोलावे' असे म्हणतो. म्हणून मराठीत 'नळाला आब नाही' असे लिहिले, तर नळाची अब्रू गेली असा अर्थ होईल!"

सगळे हसले. मीही हसलो.

"आता व्याकरणाकडे वळू," सर म्हणाले. "नळ हा शब्द पुल्लिंगी आहे. तो नळ. त्याचे सामान्यरूप 'नळा', म्हणून नळाला. नलिका हा शब्द स्त्रीलिंगी आहे. ती नलिका. तिचे सामान्यरूप 'नलिके', म्हणून नलिकेला. तू नुसता शब्द बदललास, त्याचे रूप बदलले नाहीस, म्हणून 'नलिकाला' झाले. पुढे 'नळ दुरुस्त करावा' मधला 'करावा' तसाच ठेवलास. 'नलिका नीट करावा' हे चूक आहे. नलिका नीट करावी. मराठीत नाम बदलले, की विशेषण आणि क्रियापद यांनाही बदलावे लागते. एक वीट काढली, की शेजारच्या विटाही हलतात."

"सर, 'हाल'चे काय चुकले?" मागच्या बाकावरून एका मुलाने विचारले. "उर्दूत हाल म्हणजे दशाच."

"चांगला प्रश्न," सर म्हणाले. "उर्दूत 'क्या हाल है' म्हणजे कसे आहात, एवढाच अर्थ. मराठीत 'हाल होणे' म्हणजे त्रास होणे, कष्ट सोसावे लागणे. तो वाक्प्रचार आहे. वाक्प्रचारातले शब्द एकमेकांना बांधलेले असतात. एकाला काढले तर सगळा अर्थ निघून जातो. 'तोंडाला पाणी सुटणे' याचे 'मुखाला जल सुटणे' करून पाहा. 'पाण्यात पाहणे' म्हणजे एखाद्याचा द्वेष करणे. 'जलात बघणे' असे केले तर मासे बघतो आहे असे वाटेल. दाते आणि कर्वे यांच्या 'महाराष्ट्र शब्दकोशा'चे सात खंड १९३२ ते १९३८ या काळात निघाले. एवढा मोठा कोश केल्यावरही त्यांना वाक्संप्रदायांसाठी वेगळा कोश करावा लागला. कारण वाक्प्रचाराचा अर्थ त्यातील शब्दांची बेरीज करून मिळत नाही."

शेवटी सर 'हरकत' या शब्दापाशी आले. मला तेव्हा कुठेतरी लपून बसावेसे वाटले.

"ही चूक तुम्ही सगळे करू शकता," सर म्हणाले, "कारण तुम्हांला उर्दू येते. उर्दू येणे ही मराठी शिकताना मोठी मदत आहे. अर्ज, कागद, तारीख, दुरुस्त, मंजूर, बाजार, जमीन, वकील हे शब्द तुम्हांला मुद्दाम शिकावे लागले नाहीत. फारसी-अरबीतून आलेले असे शेकडो शब्द मराठीच्या घरात नांदत आहेत. पण दुसऱ्या घरी गेलेला माणूस जसा त्या घरच्या चालीरीती उचलतो, तसे काही शब्द मराठीत येऊन बदलले. ते ओळखीचे वाटतात, म्हणून तर फसवतात."

सरांनी फळ्यावर एक तक्ता लिहिला. तो मी वहीत उतरवून घेतला.

हरकत : उर्दूत हालचाल, मराठीत आक्षेप, अडचण.
दाखला : उर्दूत प्रवेश, मराठीत प्रमाणपत्र किंवा उदाहरण.
राजीनामा : उर्दूत समझोत्याचा कागद, मराठीत पद सोडत असल्याचे पत्र.
खुलासा : उर्दूत सारांश, मराठीत स्पष्टीकरण.
तालीम : उर्दूत शिक्षण, मराठीत कुस्तीची व्यायामशाळा किंवा नाटकाचा सराव.
शिकस्त : उर्दूत पराभव, मराठीत कमाल, जसे प्रयत्नांची शिकस्त.

"विचार करा," सर म्हणाले, "शाळेत प्रवेश हवा असलेल्या मुलाने 'मला दाखला द्या' असे लिहिले, तर त्याच्या हाती शाळा सोडल्याचा दाखला पडेल!"

मी धीर करून विचारले, "सर, मग शब्द बदलूच नयेत का?"

"तसे नाही. शब्द बदलतात, आणि मुद्दाम बदलताही येतात. शिवाजी महाराजांनी फारसी राजकीय शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा 'राज्यव्यवहारकोश' रघुनाथ पंडितांच्या देखरेखीखाली तयार करवून घेतला. १६७४ मध्ये रायगडावर राज्याभिषेक झाला, तेव्हा मुजुमदाराला अमात्य, सुरनिसाला सचिव, डबिराला सुमंत आणि सरनौबताला सेनापती अशी नावे मिळाली. आता सरनौबत हा शब्द पाहा. सर म्हणजे प्रमुख आणि नौबत म्हणजे पहारा किंवा नगारा. त्या दोन तुकड्यांना दोन शब्द शोधत कोणी बसले नाही. या माणसाचे काम काय? तर सैन्याचे नेतृत्व करणे. म्हणून सेनापती. त्यांनी शब्दाला शब्द दिला नाही, कामाला शब्द दिला.

"आणि तरीही लोकांनी सगळेच बदल स्वीकारले नाहीत. पेशव्याला मुख्य प्रधान हे नाव मिळाले. पण पेशवा हा फारसी शब्द टिकून राहिला आणि अठराव्या शतकात तर सगळीकडे गाजला. विसाव्या शतकात भाषाशुद्धीची चळवळ झाली. तारखेला 'दिनांक' हा शब्द सुचवला गेला. तो रुजला, पण तारीख गेली नाही. आता दोघांनी जागा वाटून घेतल्या आहेत. अर्जाच्या वरच्या कोपऱ्यात आपण दिनांक लिहितो. पण लग्नाची तारीख ठरते आणि कोर्टात तारीख पडते. 'कोर्टात दिनांक पडला' असे कोणी म्हणत नाही. कवी माधव जूलियन यांचेच पाहा. ते फारसीचे प्राध्यापक होते, १९२५ साली त्यांनी फारसी-मराठी कोश तयार केला, आणि पुढे त्यांनीच भाषाशुद्धीचा पुरस्कार केला. ज्याला दोन्ही भाषांचे शब्द आतून माहीत असतात, त्याने असा विचार करावा. नुसता कोश उघडून ते काम होत नाही."

तास संपत आला होता. सर माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "तुझे अब्बा माग चालवतात ना? ताण्याचा एखादा धागा तुटला तर ते काय करतात?"

"त्याच जातीचे सूत घेऊन गाठ मारतात, सर."

"जाड सूत जोडले तर?"

"कापडावर रेघ दिसते. व्यापारी ते कापड बाजूला काढतो."

"वाक्यही तसेच विणलेले असते. तुझ्या अर्जात मला अशा वीस रेघा दिसल्या. आता असे कर. दोन्ही अर्ज घडी घालून ठेवून दे. शब्दकोशही मिटून ठेव. गल्लीतला नळ डोळ्यांसमोर आण. तो कुठे आहे, कधीपासून बंद आहे, कोणाला त्रास होतो आहे, तुम्हांला काय हवे आहे, हे मला बोलून सांग. जे बोलशील तेच लिही. नंतर एखाद्या शब्दाचे लेखन पाहायला किंवा शंका फेडायला कोश उघड. कोश शेवटी लागतो, सुरुवातीला नाही."

मी उभा राहून सांगितले. सांगताना मला दादी दिसली, चौकातील रांग दिसली. सरांनी दोन ठिकाणी रूपे सुधारली. मग मी लिहिले :

"माननीय मुख्याधिकारी साहेब, आमच्या गल्लीच्या तोंडाशी असलेला सार्वजनिक नळ पंचवीस दिवसांपासून कोरडा आहे. चाळीस घरे याच नळावर अवलंबून आहेत. सध्या आमच्या बायका पहाटे उठून पुढच्या चौकातून हंडे भरून आणतात. म्हाताऱ्या माणसांना ते जमत नाही. आपण माणूस पाठवून नळ तपासावा व लवकर दुरुस्त करून द्यावा, ही विनंती."

सर म्हणाले, "आता हा कागद आपाच्या अर्जाशेजारी ठेवून पाहा. साहेब, गल्ली, नळ, बायका, म्हातारे, दुरुस्त, विनंती हे शब्द तेच आहेत. तरी हा अर्ज तिची नक्कल नाही. हा तुझा आहे. मुख्याधिकारी हे पदाचे नाव आहे, ते बदलायचे नसते. नळाला नळ म्हणायचे असते. नवेपणा शब्दांत नव्हता, तुझ्या पाहण्यात होता."

त्याच दिवशी चाचा आणि मी पुन्हा कचेरीत गेलो. कारकुनांनी अर्ज उभ्या उभ्याच वाचला. "पंचवीस दिवस?" ते म्हणाले, "मग आधी का नाही सांगितले?" मी काय उत्तर देणार! त्यांनी अर्जावर शिक्का मारला आणि तो पाणीपुरवठा विभागाकडे पाठवला.

चौथ्या दिवशी दोन माणसे आली. त्यांनी रस्ता खणून फुटलेला पाइप बदलला. नळातून आधी नुसती हवा आली, मग गढूळ पाणी आले, मग स्वच्छ पाणी आले. अम्मीने पहिला हंडा भरला. दादीने ओंजळभर पाणी तोंडावर मारले आणि मला विचारले, "बेटा, या वेळी कोणता शब्द लिहिलास?"

मी म्हणालो, "पाणी."

आज मी स्वतः मराठी शिकवतो. आता मुलांना जाड शब्दकोश उचलावा लागत नाही. मोबाइलवर बोट ठेवले की एका शब्दाला दहा शब्द मिळतात. 'स्वतःच्या शब्दांत लिहा' असे सांगितले, की काही वह्यांत मला नलिका, उदक आणि जीर्ण मनुष्य भेटतातच. तेव्हा मी रागावत नाही. तांबड्या शाईचा शेरा असलेला माझा तो जुना अर्ज मी पुढे कचेरीतून मागून आणला होता. तो अजून माझ्या शब्दकोशात ठेवलेला आहे. मी तो काढतो आणि वर्गाला वाचून दाखवतो. मुले पोटभर हसतात. मग आम्ही धड्याला सुरुवात करतो.

शब्दार्थ

नक्कल – प्रत, जसेच्या तसे उतरवलेले
कचेरी – कार्यालय, दफ्तर
गठ्ठा – कागदांचा जुडगा
शेरा – कागदावर लिहिलेला अभिप्राय
जलवाहिनी – पाणी वाहून नेणारा मोठा पाइप
सत्वर – लवकर
याचना – हात पसरून मागणे
आक्षेप – विरोध, एतराज
ताणा – कापडातील उभे धागे
पुरस्कार करणे – एखाद्या विचाराला पाठिंबा देणे
गढूळ – माती मिसळलेले

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) लेखकाच्या गल्लीत किती घरे होती?
(आ) अब्बांनी अर्ज नव्याने लिहायला का सांगितले?
(इ) लेखकाचा अर्ज कोणत्या गठ्ठ्यात सापडला?
(ई) सरनौबत या पदाला कोणते नाव मिळाले?

प्र. २. तीन-चार वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) कारकुनांचा कोणता गैरसमज झाला? तो का झाला?
(आ) विनंती आणि याचना यांत सरांनी कोणता फरक सांगितला?
(इ) वाक्याची तुलना सरांनी कापडाशी कशी केली?
(ई) दुसरा अर्ज लिहिण्यासाठी सरांनी कोणती पद्धत सांगितली?

प्र. ३. कंसातील योग्य शब्द निवडून रिकाम्या जागा भरा.
(पाणी, जल, आब, तारीख, दिनांक)
(अ) आईची आठवण येताच तिच्या डोळ्यांत ______ आले.
(आ) मोठ्यांशी ______ राखून बोलावे.
(इ) पत्राच्या वरच्या कोपऱ्यात ______ लिहावा.
(ई) आपाच्या लग्नाची ______ ठरली.
(उ) कोकणात पूर्वी लोक बोटीने ______प्रवास करत.

प्र. ४. कंसातील शब्दाचे योग्य रूप लिहून वाक्य पूर्ण करा.
(अ) (नळ) ______ पाणी आले.
(आ) (शाळा) ______ सुट्टी लागली.
(इ) (घर) ______ रंग दिला.

प्र. ५. पुढील शब्द मराठीतील अर्थाने वाक्यांत वापरा.
हरकत, खुलासा, राजीनामा, तालीम.

प्र. ६. पुढील वाक्प्रचारांचे अर्थ सांगून वाक्यांत उपयोग करा.
(अ) हाल होणे (आ) तोंडाला पाणी सुटणे (इ) पाण्यात पाहणे (ई) प्रयत्नांची शिकस्त करणे

प्र. ७. लेखन.
तुमच्या रस्त्यावरील दिवा बंद पडला आहे. तो कुठे आहे, कधीपासून बंद आहे आणि कोणाची गैरसोय होते, हे आधी शेजारच्या मित्राला किंवा मैत्रिणीला बोलून सांगा. नंतर नगरपालिकेला अर्ज लिहा.

उपक्रम : उर्दू आणि मराठी या दोन्ही भाषांत आढळणारे दहा शब्द शोधा. ज्यांचा अर्थ सारखा आहे ते एका रकान्यात आणि ज्यांचा अर्थ वेगळा आहे ते दुसऱ्या रकान्यात लिहा. तक्ता वर्गात लावा.